पिकाचू दिसतो गोड, पण लढतो कसा?

धरमपेठेत ट्रॅफिक पार्कजवळच्या पोट्ट्यांना विचारा, पोकेमॉनमध्ये भारी कोण? बहुतेक पिकाचूचंच नाव निघेल. खेळाचं गणित मात्र वेगळं बोलतं. आजच्या आवृत्त्यांत प्रत्येक पोकेमॉनला आयुष्य, बचाव, वेग अशा सहा गुणांचे आकडे असतात. पिकाचूची बेरीज 320. त्याचंच पुढचं रूप असलेल्या रायचूची 485. पिकाचूचा वेग 90, तो बऱ्यापैकी. पण आयुष्य फक्त 35! एक सणसणीत तडाखा बसला की खेळ खल्लास.

1998 मध्ये जपानात आलेल्या 'पोकेमॉन यलो'त तर हाच तुमचा पहिला गडी, आणि पहिला मोठा सामना जिम-प्रमुख ब्रॉकशी. त्याचे जिओड्यूड आणि ऑनिक्स खडक-जमीन जातीचे. जमिनीच्या जातीवर पिकाचूच्या विजेच्या झटक्याचा परिणाम शून्य. (बनवणाऱ्यांचा हा खट्याळपणा मला फार आवडतो.)

मग पिकाचू टाकाऊच? तसंही नाही. 'लाइट बॉल' हाती दिला की नव्या आवृत्त्यांत त्याच्या हल्ल्याचे दोन्ही आकडे दुप्पट धरले जातात. रायचूला या चेंडूचा काडीचा उपयोग नाही. तेव्हा पिकाचूला जपून उतरवायचं, पहिला वार आपला साधायचा. बचाव तेवढा 40 वरच अडलेला असतो.