सावत्र आई : पडद्यावरची आणि घरातली

मंडळी, ध्रुवबाळाची गोष्ट ऐकतच आपण वाढलो. त्यातली सुरुची मनात बसते आणि सावत्र आई म्हणजे छळणारीच, असे आपण धरून चालतो. व्ही. शांताराम यांच्या १९३७ सालच्या 'कुंकू'त मात्र छळ होतो तो सावत्र आईचाच. कोवळ्या नीरेला म्हाताऱ्या बिजवराच्या गळ्यात बांधतात. सावत्र मुलगा वाईट नजरेने पाहतो, पण सावत्र लेक तिची बाजू घेते. १९८३ च्या 'मासूम'मध्ये नवऱ्याचे बाहेरचे मूल बायकोला आधी नकोसे होते. शेवटी तीच त्याला जवळ करते. नाते जुळते, पण वेळ लागतो. तेव्हा गुरुजी, कड्याच्या बाजारात काय, शाळेत काय, 'ती सावत्र ना रे?' असे पोराला कुणी विचारू नये. पोर मग त्याच डोळ्यांनी आईकडे पाहू लागते.