घरकर्जाचा खरा आकडा

मुंबई इलाख्यातील न्यायालये एके काळी दामदुपटीचा नियम पाळीत असत. हिंदू ऋणकोकडून कोणत्याही एका वेळी वसूल करावयाचे थकलेले व्याज मुद्दलाहून अधिक असता कामा नये, असा तो नियम. सावकाराच्या लोभाला कोठेतरी बांध असावा, हा त्यामागील हेतू उघड आहे. आज घरासाठी कर्ज काढणारा मध्यम स्थितीतील गृहस्थ सावकाराच्या ओटीवर जात नाही. तो बँकेत जातो, दरसाल साडेआठ टक्के हा दर ऐकतो आणि समाधान पावतो. सावकारी दरांच्या मानाने हा दर सौम्यच म्हटला पाहिजे. तथापि वीस वर्षांनी त्याने आपण भरलेल्या हप्त्यांची बेरीज केली, तर मुद्दलाच्या दुपटीहूनही अधिक रक्कम हातची गेलेली त्याला दिसेल. मग दामदुपटीचे तत्त्व मोडले काय? मुळीच नाही. तो नियम थकलेल्या व्याजापुरता होता. दरमहा नियमाने भरत गेलेल्या व्याजाची बेरीज तो नियमही करीत नसे, आणि ऋणको स्वतःही सहसा करीत नाही.

ती बेरीज येथे करावयाची आहे. श्रोत्यांपैकी ज्यांच्याजवळ कागद व पेन्सिल असेल, त्यांनी चार आकडे टिपून घ्यावेत. नाशिक किंवा कोल्हापूरसारख्या शहरात अडतीस वर्षे वयाच्या एका गृहस्थाने तीस लाख रुपयांचे कर्ज काढले, दर ८.५ टक्के व मुदत वीस वर्षे, असे समजू. त्याचा मासिक हप्ता २६,०३५ रुपये होतो. असे २४० हप्ते भरल्यावर एकूण सुमारे ६२ लाख ४८ हजार रुपये जातात. म्हणजे मुद्दल तीस लाख आणि व्याज ३२ लाख ४८ हजार.

हप्ता पहिल्या महिन्यापासून शेवटच्या महिन्यापर्यंत एकसारखाच असतो, आणि हा सारखेपणाच ऋणकोला फसवितो. हप्ता सारखा, म्हणून कर्जही सारख्या गतीने उतरत असेल, अशी त्याची समजूत होते. वस्तुस्थिती निराळी आहे. व्याज दरमहा शिल्लक मुद्दलावर आकारले जाते. पहिल्या महिन्यात मुद्दल पुरे तीस लाख असते, तेव्हा त्या महिन्याचे व्याजच २१,२५० रुपये होते. २६,०३५ रुपयांच्या हप्त्यातून ते वजा जाता मुद्दलात जमा होतात अवघे ४,७८५ रुपये. पुढील महिन्यात मुद्दल तेवढ्याने कमी झालेले असते, म्हणून व्याज किंचित उतरते व मुद्दलाचा वाटा किंचित वाढतो. ही वाढ इतकी मंद असते की हप्त्यातील निम्म्याहून अधिक भाग मुद्दलाकडे जाऊ लागण्यास जवळजवळ बारा वर्षे लागतात. पहिली पाच वर्षे संपतात तेव्हा त्याने १५ लाख ६२ हजार रुपये भरलेले असतात व कर्ज उतरलेले असते ३ लाख ५६ हजारांनी. दहा वर्षांनी, म्हणजे मुदत निम्मी सरल्यावर, भरणा ३१ लाख २४ हजारांचा झालेला असतो आणि तरीही सुमारे २१ लाखांचे देणे शिल्लक असते. निम्मे कर्ज फिटलेले पाहण्यास त्याला पावणेचौदा वर्षांहून अधिक काळ थांबावे लागते.

यात बँकेने काही लबाडी केली असे नव्हे. शिल्लक रकमेवर व्याज घेणे हा न्याय्य व्यवहार आहे. परंतु पाचव्या वर्षी घर विकू पाहणारा गृहस्थ बँकेतून शिलकेचा आकडा घेऊन येतो, तेव्हा आपले कोणी तरी लुबाडले अशी मुद्रा करून परत फिरतो. हे दृश्य विरळा नाही.

कर्जाची खरी किंमत ठरविण्यात दराइतकाच, पुष्कळदा त्याहूनही अधिक, वाटा मुदतीचा असतो. कर्ज घेताना अर्धा टक्का दर कमी करून घेण्यासाठी लोक चार बँकांचे उंबरठे झिजवितात, आणि मुदतीचा प्रश्न आला म्हणजे ‘हप्ता जितका लहान तितके बरे’ असे म्हणून मोकळे होतात. वरील कर्जच तीस वर्षांच्या मुदतीने घेतले, तर हप्ता २३,०६७ रुपये होतो. दरमहा २,९६८ रुपयांची सवलत मिळाली. या सवलतीबद्दल एकंदर व्याज मात्र ५३ लाख ४ हजारांवर जाते, म्हणजे वीस वर्षांच्या मानाने साडेवीस लाखांहून अधिक रक्कम जास्त द्यावी लागते. उलट मुदत पंधरा वर्षांची ठेवली, तर हप्ता सुमारे साडेतीन हजारांनी वाढतो आणि व्याज २३ लाख १८ हजारांवर येते. नऊ लाख तीस हजारांची बचत झाली. ज्याला ते साडेतीन हजार खरोखरच पेलत नाहीत, त्याची गोष्ट वेगळी. पण ज्याला ते पेलतात व जो केवळ सवयीने लांब मुदत मागतो, त्याने हा आकडा एकदा मोठ्याने वाचून पाहावा.

याहून अधिक गुंतागुंतीची बाब बदलत्या दराची आहे. आपल्याकडील बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेली अशी नवी कर्जे बाहेरील एखाद्या मानदंडाशी जोडणे रिझर्व्ह बँकेने सक्तीचे केले, व बहुतेक बँकांनी त्यासाठी रेपो दर निवडला. रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना अल्प मुदतीची उसनवार देते, तो हा दर. २०२० च्या मे महिन्यात तो ४ टक्क्यांवर आला व दोन वर्षे तेथेच राहिला. त्या काळात पावणेसात टक्क्यांनी घरकर्ज मिळत होते आणि ज्यांनी ते घेतले, त्यांना आपल्या चातुर्याचा अभिमान वाटत होता. मे २०२२ पासून दर चढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ टक्क्यांवर जाऊन थांबला. अवघ्या नऊ महिन्यांत अडीच टक्क्यांची वाढ झाली.

तिचा परिणाम पाहण्यासाठी आपला गृहस्थ पुन्हा घेऊ. तीस लाख, वीस वर्षे, दर ६.७५ टक्के, हप्ता २२,८११ रुपये. त्याने अठरा हप्ते भरले. शिल्लक राहिली २८ लाख ८८ हजार. हिशेब सोपा व्हावा म्हणून दर याच वेळी एकदम ९.२५ टक्के झाला असे धरू. आता महिन्याचे व्याजच २२,२६१ रुपये होते. जुनाच हप्ता चालू ठेवला, तर मुद्दलात दरमहा साडेपाचशे रुपये जमा होणार! या गतीने कर्ज फिटण्यास आणखी ४८५ महिने लागतात, म्हणजे चाळीस वर्षांहून अधिक. अडतिसाव्या वर्षी कर्ज काढून अठ्ठावन्नाव्या वर्षी सेवानिवृत्तीबरोबर मोकळे होऊ, असा ज्याचा बेत होता, तो ऐंशीच्या घरात मोकळा होईल. इतकी मुदत कोणतीही बँक देत नाही हे खरे; पण निवृत्तीच्या वयापर्यंत जेवढी लांबविता येईल तेवढी मुदत लांबविली जाते व मग हप्ता वाढतो. दर चढत असता अनेकांच्या बाबतीत हप्ता तोच राहिला व मुदत मागच्या दाराने वाढली. खात्यातून दरमहा तेवढीच रक्कम जात असल्यामुळे घरात कोणाच्या ते ध्यानातही आले नाही. मुदत मूळचीच ठेवावयाची, तर हप्ता २७,२०८ रुपये करणे भाग होते. चार हजार चारशे रुपयांची ही वाढ जाचक खरी, पण ती डोळ्यांना दिसते.

या प्रकाराची दखल रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने घेतली. दर बदलताना हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी की दोन्ही थोडी थोडी वाढवावीत, याची निवड ऋणकोला दिली पाहिजे. बँकेच्या धोरणानुसार स्थिर दराकडे वळण्याची मुभा देणेही त्या वेळी आवश्यक केले होते. आणि मुदत वाढविल्याने हप्ता व्याजालाही अपुरा पडून मुद्दल फुगत जाईल असे होऊ नये, असे त्यात सांगितले आहे. शिवाय दर तिमाहीस विवरण द्यावयाचे व त्यात आजवर वसूल झालेले मुद्दल, वसूल झालेले व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर हे सर्व दाखवावयाचे. २०२५ मध्ये रेपो दर पुन्हा टप्प्याटप्प्याने उतरला. दर उतरल्यावर ज्यांनी हप्ता कमी करून न घेता तसाच ठेवला, त्यांची लांबलेली मुदत पुन्हा आखडते.

ऋणकोला विवरण मिळणे ही गोष्ट आज क्षुल्लक वाटते. तिच्यासाठी या प्रांतात एके काळी आग पेटली होती. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातील सुपे येथे कुणबी शेतकऱ्यांचा उठाव झाला व तो पुणे आणि नगर जिल्ह्यांतील गावोगावी पसरला. सावकारांच्या जिवावर उठण्यापेक्षा त्यांच्याजवळचे कर्जरोखे हिसकावून जाळण्यावर दंगेखोरांचा मुख्य भर होता. किती घेतले, किती फेडले आणि किती उरले, याचा मेळ ज्याला कधीच लागत नाही, तो अखेर कागदावरच राग काढतो. त्यानंतर १८७९ साली दक्षिणेतील शेतकऱ्यांच्या संरक्षणाचा जो कायदा झाला, त्याने रोख्यावरील आकड्याच्या मागे जाऊन मूळ व्यवहार तपासण्याचा अधिकार न्यायालयांना दिला आणि पैसे भरल्याची पावती व सालाचा हिशेब मागण्याचा हक्क शेतकऱ्याला दिला. आजच्या ऋणकोला हे विवरण न मागता मिळते, व बहुधा ते न उघडताच राहते.

मुदत आखडण्याचा खात्रीचा मार्ग म्हणजे हप्त्याखेरीज अधूनमधून मुद्दलात रक्कम भरणे. व्यक्तीने घेतलेल्या बदलत्या दराच्या गृहकर्जाची अशी आगाऊ फेड केल्यास दंड आकारण्यास रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्येच बँकांना मनाई केली आहे. पण रक्कम केव्हा भरली यावर सारे अवलंबून असते. साडेआठ टक्क्यांच्या आपल्या पहिल्या उदाहरणात एक वर्ष संपताच एक लाख रुपये जादा भरले व हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे अठरा हप्ते वाचतात. व्याजात सुमारे ३ लाख ७० हजारांची बचत होते. तेच एक लाख पंधरा वर्षांनंतर भरले, तर बचत पन्नास हजारांच्या आसपास. कर्जाच्या आरंभीच्या काळात हाती आलेला बोनस किंवा वेतनवाढीचा फरक म्हणूनच मोलाचा. नेमका तो काळ पडदे, कपाटे व वास्तुशांतीची जेवणे यांत जातो, त्याला इलाज नाही. एक सावधगिरी मात्र बाळगावी. जादा रक्कम भरल्यावर हप्ता कमी करावयाचा की मुदत, हे बँकेला लेखी कळवावे.

कर्जाबरोबर येणारे लहान खर्च लहान दिसतात एवढेच. कर्जावरील विम्याचा साठ हजारांचा एकरकमी हप्ता पुष्कळदा मुद्दलातच मिळविला जातो. तो वीस वर्षे साडेआठ टक्क्यांनी फेडला म्हणजे सव्वा लाखाचा होतो. विमा घ्यावा, पण शक्य तर त्याचे पैसे वेगळे भरावेत. बांधकाम चालू असलेल्या सदनिकेची गोष्ट याहून बिकट. बँक बांधकामाच्या प्रगतीनुसार रक्कम देते आणि ताबा मिळेपर्यंत ऋणकोने केवळ दिलेल्या रकमेचे व्याज भरण्याची पद्धत आहे. सरासरी पंधरा लाख उचललेले धरले, तर तीन वर्षांत ३,८२,५०० रुपये असे जातात की ज्यांतील एक रुपयाही मुद्दलात जमा होत नाही, आणि याच तीन वर्षांत राहत्या जागेचे भाडेही चालूच असते. विकासकाने ताबा देण्यास विलंब लावल्यास विलंबाच्या प्रत्येक महिन्याचे व्याज त्याच्याकडून मागण्याचा हक्क २०१६ च्या स्थावर संपदा कायद्याने ग्राहकाला दिला आहे व त्यासाठी महारेराकडे तक्रार करता येते. या हक्काची माहिती सर्वांना असते असे नाही. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जांसाठी बँकेने एक मुख्य तथ्यपत्र द्यावयाचे असते. त्यात शुल्के मिळवून होणारा वार्षिक दर छापलेला असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतील दरावरून न करता या आकड्यावरून करावी.

बेरजेने घाबरून जाऊन कर्जच काढू नये, असा याचा अर्थ कोणी घेऊ नये. वीस वर्षांनंतरचा रुपया आजचा नसतो. महागाई दरसाल पाच टक्के धरली, तर शेवटचा २६,०३५ रुपयांचा हप्ता आजच्या सुमारे ९,८०० रुपयांच्या बरोबरीचा होतो. शिवाय भाड्याच्या घरात राहिल्याने भाडे काही चुकत नाही. तेव्हा हप्त्यातील व्याजाशी तुलना करावयाची ती तशाच घराच्या भाड्याशी. जुन्या करपद्धतीत स्वतः राहत्या घराच्या कर्जावरील दोन लाखांपर्यंतचे व्याज दरसाल उत्पन्नातून वजा मिळते. नव्या पद्धतीत ते मिळत नाही. करसवलतीसाठी कर्ज मुद्दाम लांबवीत ठेवणारे लोक आहेत. त्यांनी वाचलेला कर व भरलेले व्याज एकाखाली एक मांडून पाहिल्यास त्यांचे मत बहुधा टिकणार नाही.

शेवटचा हप्ता भरला म्हणजे काम संपले असेही नाही. गहाण ठेवलेली मूळ कागदपत्रे कर्ज पूर्ण फिटल्यापासून तीस दिवसांत परत करावीत, आणि बँकेच्या चुकीने उशीर झाल्यास दर दिवसास ५,००० रुपये भरपाई द्यावी, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. कागदपत्रे घेताना यादीशी ताडून एकेक पान मोजून घ्यावे, देणे नसल्याचा दाखला मागावा, आणि सातबारावर किंवा मिळकत पत्रिकेवर बँकेच्या नावाचा बोजा चढविलेला असल्यास तो कमी झाल्याची नोंद स्वतः जाऊन पाहावी.