पाहणारे आणि पाहिले जाणारे

मागच्या वेळी वेळ संपली म्हणून आपला एक प्रश्न राहून गेला होता. ज्याच्याकडे लोक टक लावून पाहतात, त्याच्या हातात काही उरतं का? आज एका सिनेमाच्या आधारानं तो पुढे नेऊ.

सिनेमा ‘फ्रीक्स’, १९३२चा, एमजीएमचा. दिग्दर्शक टॉड ब्राउनिंग तरुणपणी घर सोडून फिरत्या तमाशांमागे गेलेला, त्यामुळे तंबूमागचं जग त्याला ठाऊक होतं. अमेरिकन सर्कशीत मोठ्या तंबूशेजारी एक छोटा तंबू असे. फार उंच, फार बुटकी, हातपाय नसलेली माणसं तिथं वेगळं तिकीट काढून पाहायची. बार्नमनं चार्ल्स स्ट्रॅटन हा चार-पाच वर्षांचा मुलगा अकरा वर्षांचा म्हणून लोकांपुढे आणला, नाव दिलं ‘जनरल टॉम थंब’. म्हणजे शरीर खरं, गोष्ट रचलेली. पैसे मिळत ते गोष्टीचे.

‘फ्रीक्स’चा पहिला भाग आपण पाहतो तेव्हा ही गोष्ट गळून पडते. हात नसलेली बाई पायानं जेवते, हातपाय नसलेला रँडियन तोंडानं काडी ओढून सिगारेट पेटवतो, आणि शेजारचा गप्पा मारत राहतो. कुणाला त्याचं काही वाटत नाही! हान्सचं काम करणारा हॅरी अर्ल्स मूळचा जर्मन. त्याच्या वाग्दत्त वधूचं काम त्याच्या सख्ख्या बहिणीनं, डेझीनं केलंय. ज्या कथेवरून सिनेमा निघाला, ती ब्राउनिंगला हॅरीनंच सुचवली होती. नुसता पाहिला जाणारा माणूस असं करत नाही.

पण शेवटी हीच माणसं भर पावसात, चिखलातून, सुरे घेऊन सरपटत येतात. तंबूवाल्याची गोष्ट परत आली. ब्राउनिंग इथं घसरला, असं आमचं स्पष्ट मत आहे. स्टुडिओत तर याहून वाईट. यातल्या बहुतेकांना कँटीनमध्ये बसू दिलं नाही, त्यांचं जेवण बाहेर वेगळं मांडलं. सुमारे दीड तासाचा सिनेमा कापून ६४ मिनिटांवर आणला. ब्रिटनमध्ये तर तो ३० वर्षं बंद होता.

मग तंबूच बंद केला की सुटलं? इतकं सोपं नाही. फ्रान्समध्ये मानुएल वाकेनहाइम नावाचा कमी उंचीचा माणूस अंगावर संरक्षक कपडे घालून करमणुकीसाठी स्वतःला फेकून घेत असे. मानवी प्रतिष्ठेच्या नावाखाली त्यावर बंदी आली. तो स्वतःच बंदीविरुद्ध लढला. त्याचं म्हणणं, प्रतिष्ठा म्हणजे नोकरी असणं, आणि ती तुम्ही काढून घेतली. १९९५ साली तिथल्या सर्वोच्च प्रशासकीय न्यायालयानं बंदी उचलून धरली, २००२मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार समितीनंही त्याची तक्रार फेटाळली.

आम्हाला तो खेळ किळसवाणा वाटतो. तरीही हा निकाल आम्हाला पुरता पटलेला नाही, कारण बंदीनंतर त्याला दुसरं काम कोण देणार, हे त्या बंदीत कुठंच नव्हतं. तुमच्यापैकी कुणाला उलट वाटत असेल तर आत्ताच बोला, चहाला अजून दहा मिनिटं आहेत.