सिंधूचे खोटे

‘एकच प्याला’विषयी आम्हां बडोदेकरांना घरचा जिव्हाळा आहे. गंधर्व नाटक मंडळीने त्याचा पहिला प्रयोग २० फेब्रुवारी १९१९ रोजी बडोद्यातच केला. तो पाहावयास गडकरी मात्र नव्हते. २३ जानेवारीलाच ते गेले होते. त्यांचा जन्मही बडोदे संस्थानच्याच नवसारी प्रांतातला. मी हल्ली सुरतेस असतो. नवसारी येथून जवळच.

येथेच घरातल्या तरुण मुलींनी मला ‘युफोरिया’ ही अमेरिकन मालिका दाखविली. ती सुरू झाली २०१९ साली, म्हणजे ‘एकच प्याला’ला शंभर वर्षे झाली तेव्हा. तिची नायिका रू ही शाळकरी पोर. वडिलांच्या आजारपणातल्या गोळ्या ती चोरून घेऊ लागली आणि व्यसनात बुडाली. २०२२ सालच्या दुसऱ्या पर्वात, लपविलेला साठा घरच्यांनी नाहीसा केल्याचे कळताच ती दारे लाथाडते, आईला व धाकट्या बहिणीला नको नको ते बोलते. मला सुधाकर आठवला. वकिलीची सनद काही काळ रद्द झाली, त्या अपमानावर उतारा म्हणूनच ना तळीरामाने त्याच्यापुढे पहिला प्याला धरला?

परंतु मी खरा चपापलो तो दुसऱ्याच ठिकाणी. पहिल्या पर्वात मॅडी नावाच्या मुलीचा गळा तिचा प्रियकर नेट आवळतो. मानेवर वळ दिसतात, पोलीस येतात. ही त्याचे नाव घेत नाही. आमच्या सिंधूनेही हेच केले! मूल गेले, स्वतः मरणाच्या दारी, तरी फौजदाराला ती सांगते, मी पडले. बालगंधर्वांच्या त्या सिंधूसाठी आपल्या आज्या-पणज्यांनी पदराने डोळे पुसले. मॅडीच्या खोट्याला आपण फसगत म्हणतो. सिंधूच्या खोट्याला पातिव्रत्य म्हणत आलो.

गडकऱ्यांनी मात्र हिशेब चोख मांडला आहे. त्या खोट्याने कोणीच वाचले नाही. सिंधू मेली आणि सुधाकरानेही अखेर दारूतच विष घेतले. आपण सिंधूची सोशिकता तेवढी घरी आणली, हिशेब थिएटरातच ठेवला.

आमच्या एका मावशीचा ‘न्हाणीघरात पाय घसरे’. घरातली वडील मंडळी तिला सोशिक म्हणून वाखाणीत. काका मात्र पीतच राहिले.

गुजरातेत १९६० पासून दारूबंदी आहे. कौटुंबिक हिंसाचाराविरुद्धचा कायदाही २००५ साली झाला. परंतु उधना-लिंबायतच्या वस्तीतली खानदेशी सून असो की बडोद्याच्या वाड्यातली, ‘पडले हो’ म्हणाली की कायद्याचे हात बांधले जातात. म्हणून मुली असली मालिका पाहतात, याची घरातल्या वडीलधाऱ्यांनी फार चिंता करू नये. त्यांच्याजवळ बसून एकदा ‘एकच प्याला’ वाचावा, आणि सिंधूने खरे सांगितले असते तर तिला माहेरी कोणी ठेवून घेतले असते का, हा प्रश्न मुलींनी विचारण्याआधी आपणच आपल्याला विचारावा.