दोन बंदरे आणि एक तिजोरी

राज्यघटनेत एखाद्या बंदराचे नाव यावे, हे तसे नवलच. १८७१ साली उदयाला आलेल्या जर्मन साम्राज्याच्या घटनेत मात्र अशी दोन नावे होती. कलम ५३ नुसार कीलचे बंदर आणि याडेचे बंदर ही साम्राज्याची युद्धबंदरे ठरली. भूदल प्रशिया, बव्हेरिया, सॅक्सनी अशा घटक राज्यांत विभागलेले राहिले. आरमार तेवढे सबंध साम्राज्याचे आणि त्याचा खर्चही साम्राज्याच्या तिजोरीतून. त्या तिजोरीची एक किल्ली राइशस्टाग या लोकनियुक्त सभागृहाच्या हाती होती.

जर्मन आरमार म्हटले की आपल्याकडे २२ सप्टेंबर १९१४ च्या रात्री मद्रासवर तोफा डागणारी 'एम्डेन' आठवते, फार तर दोन्ही महायुद्धांतल्या पाणबुड्या. समुद्रावरच्या या पराक्रमाच्या आणि विध्वंसाच्या कथा बाजूला ठेवून हा इतिहास बंदर आणि सभागृह यांच्या दरम्यान घडलेला म्हणून वाचला, तर त्यातला राजकीय धडा अधिक स्पष्ट दिसतो. खर्चाला मंजुरी देण्याचा अधिकार सभागृहाने एकदा स्वखुशीने सैल सोडला, की तो परत मिळवायला किती काळ लागतो, याचे इतके ठळक उदाहरण युरोपच्या इतिहासात क्वचितच सापडेल.

मुळात हे आरमार जन्मले तेच सभागृहात. डेन्मार्कशी युद्ध सुरू होते, डॅनिश नौकांनी उत्तरेकडील बंदरांची नाकेबंदी केली होती आणि जर्मनांपाशी तिला उत्तर नव्हते. फ्रँकफुर्टच्या राष्ट्रीय सभेने १४ जून १८४८ रोजी आरमारासाठी ६० लाख थालर मंजूर केले. आजचे जर्मन नौदल हीच तारीख आपला स्थापनादिन मानते. कार्ल रुडॉल्फ ब्रोमी यांच्या हाताखाली ब्रेमेरहाफेन येथे जहाजे जमली. पण या सभेला कर वसूल करण्याचा अधिकार नव्हता. पैसा घटक राज्यांच्या वर्गणीतून यायचा होता आणि अनेक राज्यांनी तो दिलाच नाही. क्रांती ओसरली, जुने संस्थानिक स्थिरावले आणि १८५२ मध्ये आरमार मोडीत काढण्याचा निर्णय झाला. हानिबाल फिशर या अधिकाऱ्याने जहाजे लिलावात काढली. ठराव करणाऱ्या सभेपाशी खजिना नसेल, तर तिच्या ठरावाची किंमत लिलावातल्या बोलीएवढीच उरते.

त्या लिलावानंतर वर्षभरातच प्रशियाने एक विचित्र वाटावी अशी खरेदी केली. उत्तर समुद्राला लागून त्याच्यापाशी एकही युद्धबंदर नव्हते. ओल्डेनबुर्ग या छोट्या राज्याकडून त्याने याडे उपसागराच्या काठची दलदलीची जमीन ५ लाख थालरला घेतली. तिथे शहर नव्हते. भरती-ओहोटीचा मोठा फरक आणि सतत साचणारा गाळ यांच्याशी झगडत, आतल्या गोद्यांतले पाणी राखण्यासाठी प्रचंड जलद्वारे उभारत, हे बंदर बांधायला दीड दशक लागले. १८६९ मध्ये राजा विल्हेल्म पहिला याने त्याला आपले नाव दिले : विल्हेल्म्सहाफेन. कीलची गोष्ट याच्या अगदी उलट. बाल्टिकच्या काठी जमिनीत खोल शिरलेली, भरती-ओहोटी जवळपास न जाणवणारी निसर्गदत्त खाडी. १८६४ च्या युद्धात डेन्मार्क हरला आणि दुसऱ्याच वर्षी प्रशियाने आपला बाल्टिक नौतळ डान्झिगहून कीलला हलवला.

दोन समुद्र, दोन बंदरे आणि मध्ये आडवा डेन्मार्क. एका बंदरातली जहाजे दुसऱ्या बंदरात न्यायची, तर परकीय सामुद्रधुन्यांतून वळसा घालावा लागे. म्हणून १८८७ ते १८९५ या काळात सुमारे ९८ किलोमीटर लांबीचा कील कालवा खोदण्यात आला. तोवर आरमाराकडे कोणी फार गांभीर्याने पाहत नव्हते. साम्राज्याच्या नौदलाचे पहिले दोन प्रमुख, श्टॉश आणि काप्रिव्ही, हे चक्क भूदलाचे सेनापती होते!

चित्र पालटले ते १८९७ मध्ये आल्फ्रेड टिर्पिट्झ नौदल खात्याचे सचिव झाल्यावर. त्यांना दर्यावर्दी म्हणण्यापेक्षा संसदपटू म्हणणे अधिक योग्य ठरेल. तोपर्यंतचे नौदल सचिव दरवर्षी राइशस्टागसमोर नव्या जहाजांची मागणी घेऊन जात, सभागृह तीत काटछाट करी आणि कैसर संतापत असे. टिर्पिट्झ यांनी वर्षाची मागणी न मांडता थेट कायदाच मांडला. २८ मार्च १८९८ रोजी २१२ विरुद्ध १३९ मतांनी संमत झालेल्या या कायद्याने १९ युद्धनौकांचा ताफा निश्चित केला, सुमारे ४१ कोटी मार्कांच्या खर्चाची मर्यादा घातली आणि एक निरुपद्रवी भासणारी तरतूद केली. प्रत्येक युद्धनौका २५ वर्षांनी आपोआप बदलली जाईल, अशी ती तरतूद होती.

साऱ्या प्रकरणाची मेख याच तरतुदीत होती. जहाजांची संख्या आणि त्यांच्या बदलीचे वर्ष कायद्यातच लिहिलेले असल्यामुळे दरवर्षीचे मतदान हा उपचार उरला. कायदा रद्द करायचा तर घटक राज्यांच्या सभागृहाची संमती हवी, म्हणजे व्यवहारात प्रशियाची, म्हणजेच कैसरची. मध्यममार्गी कॅथलिक सेंटर पक्षाचे नेते एर्न्स्ट लीबर यांच्या पाठिंब्याविना हे विधेयक तरले नसते. त्यांच्या बाजूचा युक्तिवाद अगदीच पोकळ होता असे नाही. कायद्यात आकडा एकदा लिहिला गेला की कैसरच्या लहरींनाही लगाम बसेल, असा त्यांचा हिशेब होता. तो दोनच वर्षांत चुकला. १९०० च्या दुसऱ्या कायद्याने ताफा ३८ युद्धनौकांपर्यंत नेला आणि खर्चाची मर्यादा काढूनच टाकली. संख्या बांधलेली, किंमत मात्र मोकळी! अर्थसंकल्पी अधिवेशनाच्या अखेरीस संरक्षण खात्याच्या मागण्या चर्चेविना 'गिलोटिन'खाली मंजूर होताना ज्यांनी लोकसभेच्या गॅलरीतून पाहिल्या आहेत, त्यांना या व्यवस्थेची सोय चटकन कळेल. आपल्याकडे निदान पुढच्या वर्षी पुन्हा मागणी मांडावी लागते.

किमतीचे काय होते, ते १९०६ मध्ये ब्रिटनने 'ड्रेडनॉट' पाण्यात उतरवल्यावर कळले. सुमारे अडीच कोटी मार्कांत होणाऱ्या युद्धनौकेच्या जागी पावणेचार कोटींची 'नासाऊ' वर्गाची नौका आली. कायद्याला त्याचे सोयरसुतक नव्हते. त्याच्या लेखी ती एक युद्धनौकाच. १९०८ मध्ये तर बदलीची मुदत २५ वरून २० वर्षांवर आणण्यात आली. नव्या नौका कालव्यात मावेनात, म्हणून तो १९०७ पासून रुंद करावा लागला. ते काम संपले १९१४ च्या जूनमध्ये, महायुद्धाला काही आठवडे उरले असताना. विल्हेल्म्सहाफेनलाही आणखी मोठी जलद्वारे बांधावी लागली. जहाज मंजूर करताना सभागृहाने नकळत नवे बंदर, नवा कालवा आणि नवे कर मंजूर केले होते. १९०२ मध्ये फेसाळ मद्यावर आरमारासाठी बसवलेला कर हे त्याचे गमतीदार उदाहरण. ते आरमार केव्हाच समुद्राच्या तळाशी गेले. मधली काही वर्षे वगळता तो कर आजही वसूल होतो.

एवढा खर्च करून उभारलेला ताफा युद्धाचा बहुतेक काळ बंदरातच नांगरलेला होता. ३१ मे १९१६ रोजी जटलंडला एकदाच मोठी झुंज झाली. ब्रिटिशांची नाकेबंदी तिने उठली नाही. नांगरलेल्या जहाजांवर असंतोष शिजत गेला. निकृष्ट अन्न, अधिकाऱ्यांचा निराळा भोजनकक्ष, निरर्थक कवायती. १९१७ च्या ऑगस्टमध्ये विल्हेल्म्सहाफेनला खलाशांनी काम नाकारले, तेव्हा राइशपिट्श आणि क्योबिस या दोघांना गोळ्या घालण्यात आल्या.

त्यानंतरचा प्रसंग जर्मन संसदीय इतिहासातला सर्वांत नाट्यमय म्हणावा लागेल. २८ ऑक्टोबर १९१८ रोजी घटनादुरुस्ती अमलात आली आणि साम्राज्याचा चॅन्सेलर प्रथमच राइशस्टागला जबाबदार झाला. सरकार शस्त्रसंधीच्या वाटाघाटी करत होते. नेमक्या त्याच सुमारास नौदलश्रेष्ठींनी, चॅन्सेलर माक्स फॉन बाडेन यांना विश्वासात न घेता, ब्रिटिश आरमाराशी अखेरची झुंज देण्यासाठी ताफा बाहेर काढण्याचे ठरवले. कित्येक दशके ज्या अधिकाराची वाट पाहिली तो संसदेला मिळाला आणि दुसऱ्याच दिवशी तिचे न ऐकणारे आरमार निघाले. त्याला अडवले ते सभागृहाने नव्हे, भट्टीत कोळसा ओढणाऱ्यांनी. विल्हेल्म्सहाफेनबाहेरच्या शिलिगच्या नांगरतळावर २९ तारखेच्या रात्रीपासून खलाशांनी आज्ञा मोडल्या. बंडाची लागण झालेली तिसरी तुकडी कालव्यातून कीलला धाडण्यात आली, हा सेनापतींचा घोर प्रमाद. ३ नोव्हेंबरला कीलमध्ये मोर्चावर गोळीबार झाला, ४ तारखेला शहर सैनिक-कामगार समित्यांच्या ताब्यात गेले. सरकारने समजुतीसाठी पाठवलेले गुस्टाव नोस्के हे राइशस्टागमधील समाजवादी खासदार, पक्षाचे लष्करी विषयांचे जाणकार. ९ नोव्हेंबरला बर्लिनमध्ये प्रजासत्ताकाची घोषणा झाली. पुढे २१ जून १९१९ रोजी स्कापा फ्लो येथे स्थानबद्ध असलेल्या ७४ जर्मन जहाजांपैकी ५२ त्यांच्याच खलाशांनी बुडवली.

प्रजासत्ताकाच्या वाट्याला व्हर्सायच्या तहानुसार १५ हजारांचे नौदल आले, पाणबुड्यांना बंदी. ही बंदी चुकवण्याचा उद्योग लगेचच सुरू झाला. १९२२ मध्ये हेग येथे जर्मन कारखानदारांच्या पैशाने पाणबुड्यांचे आराखडे करणारे कार्यालय उघडले. नौदलातील कॅप्टन लोमान यांच्याकडे सभागृहाला अज्ञात असलेला निधी होता. तो त्यांनी चित्रपट कंपनीतसुद्धा गुंतवला. १९२७ मध्ये हे उघडकीस आले आणि संरक्षणमंत्री गेस्लर यांना पद सोडावे लागले. १९२८ च्या निवडणुकीत समाजवाद्यांचा प्रचार होता, की चिलखती नौकेऐवजी मुलांच्या जेवणाला पैसे द्या. ते जिंकले, हेरमान म्युलर चॅन्सेलर झाले आणि त्यांच्याच मंत्रिमंडळाने नौकेला मंजुरी दिली. पक्ष खवळला. नोव्हेंबरमध्ये समाजवादी मंत्र्यांना, चॅन्सेलरसह, आपल्याच मंत्रिमंडळाच्या निर्णयाविरुद्ध सभागृहात मत द्यावे लागले. प्रस्ताव फेटाळला गेला, नौका बांधली गेली. १९३१ मध्ये कीलला ती 'डॉइचलांट' नावाने पाण्यात उतरली. आघाडीचे राजकारण जवळून पाहिलेल्या दिल्लीकरांना या कसरतीचे फार आश्चर्य वाटू नये.

१९३३ नंतर विचारायला सभागृहच उरले नाही. १९३५ च्या करारात ब्रिटनने हिटलरला आपल्या ताफ्याच्या ३५ टक्के आरमाराची मुभा दिली. युद्धात पाणबुड्यांचे काँक्रिटचे तळ फ्रान्सच्या लोरियाँ, ब्रेस्त, सँ-नझेर येथे उभे राहिले, तर कील आणि विल्हेल्म्सहाफेन बॉम्बहल्ल्यांत उद्ध्वस्त झाले.

१९५६ मध्ये पश्चिम जर्मनीने नौदल पुन्हा उभारले, ते संसदेच्या दाव्याला बांधूनच. सैन्यदलांची संख्या आणि रचना अर्थसंकल्पातून दिसली पाहिजे, असे घटनेत लिहिले गेले. सैनिकांच्या तक्रारी ऐकणारा बुंडेस्टागचा स्वतंत्र आयुक्त नेमला गेला. १९१७ च्या त्या गोळ्या कोणीतरी लक्षात ठेवल्या असाव्यात. आड्रियाटिकमधील नौदलाच्या सहभागासह काही परदेशी मोहिमांच्या वादात घटना न्यायालयाने १२ जुलै १९९४ रोजी निर्णय दिला, की सशस्त्र मोहिमेला बुंडेस्टागची संमती अनिवार्य आहे. त्याची धार नोव्हेंबर २००१ मध्ये दिसली. आफ्रिकेच्या शिंगाजवळ युद्धनौका पाठवणाऱ्या मोहिमेसाठी चॅन्सेलर श्र्योडर यांना विश्वासदर्शक ठराव मांडावा लागला. मते मिळाली ३३६. हवी होती ३३४.

खरेदीवरही पहारा आहे. अडीच कोटी युरोंहून मोठा प्रत्येक संरक्षण करार अर्थसंकल्प समितीपुढे यावा लागतो. विक्रीबाबत मात्र पहारा तेवढा कडक नव्हता आणि इथे कीलचा धागा थेट दिल्ली-मुंबईला येऊन मिळतो. कीलच्या एचडीडब्ल्यू गोदीशी भारताने ११ डिसेंबर १९८१ रोजी चार पाणबुड्यांचा करार केला. 'शिशुमार' आणि 'शंकुश' कीलला बांधल्या गेल्या, 'शाल्की' आणि 'शंकुल' माझगाव गोदीत. 'शाल्की' १९९२ मध्ये दाखल झाली; भारतात बांधलेली ती पहिली पाणबुडी, माझगावच्या कामगारांच्या हातची. १९८७ च्या प्रारंभी बॉनच्या दूतावासातून आलेल्या तारेत ७ टक्के दलालीचा उल्लेख होता. संरक्षणमंत्री विश्वनाथ प्रताप सिंह यांनी एप्रिलमध्ये चौकशी जाहीर केली आणि १२ तारखेला राजीनामा दिला. पुढचे राजकारण सर्वश्रुत आहे. त्याच सुमारास बॉनमध्ये बुंडेस्टागची चौकशी समिती याच गोदीने दक्षिण आफ्रिकेला पाणबुड्यांचे आराखडे पुरवल्याच्या प्रकरणाचा तपास करत होती.

शीतयुद्ध संपल्यावर पैसा आटला. पूर्व जर्मनीच्या नौदलाची ३९ जहाजे इंडोनेशियाला विकली गेली, ओल्पेनित्सचा नौतळ २००६ मध्ये बंद होऊन तिथे सुट्टीतली घरे उभी राहिली. २०१७ च्या अखेरीस सहाही पाणबुड्या नादुरुस्त होत्या आणि 'बाडेन-व्युर्टेम्बेर्ग' ही नवी कोरी फ्रिगेट नौदलाने गोदीला परत केली. 'गोर्ख फोक' या शिडाच्या प्रशिक्षण जहाजाची दुरुस्ती १ कोटी युरोंवरून साडेतेरा कोटींवर गेली. पहारा असूनही हे घडले, हे बुंडेस्टागच्या कौतुककर्त्यांनी विसरू नये.

रशियाने युक्रेनवर आक्रमण केल्यानंतर २०२२ मध्ये घटनादुरुस्ती करून सैन्यदलांसाठी १०० अब्ज युरोंचा विशेष निधी उभारण्यात आला. त्यानंतर आणखी मोठे पाऊल पडले. २३ फेब्रुवारी २०२५ च्या निवडणुकीत निवडून आलेल्या सभागृहात आवश्यक ते दोन तृतीयांश बहुमत जमणार नव्हते, म्हणून १८ मार्चला मावळत्या बुंडेस्टागचीच बैठक बोलावून ते जमवले गेले. सकल देशांतर्गत उत्पादनाच्या १ टक्क्यापलीकडचा संरक्षण खर्च घटनेतील कर्जमर्यादेतून वगळण्यात आला. कमाल आकडा लिहिलेला नाही. अडीच कोटींचा नियम कायम असल्याने विल्हेल्म्सहाफेन, कील, एकर्नफ्योर्डे आणि वार्नेम्युंडे या तळांसाठीची प्रत्येक मोठी नौका अजूनही समितीच्या टेबलावरूनच जाते.