पोटात पाय, पाठीवर चोरीचा माल

पावसाळ्यात बाथरूमच्या जाळीतून काळपट, चपटं, लिबलिबीत असं काहीतरी हळूहळू वर येतं आणि घरात एकच ओरड होते, "जळू! जळू!" मग कोणीतरी मिठाची बरणी आणतं. दोन मिनिटांत त्या जिवाचा फेस होतो आणि सगळे पुन्हा आपापल्या कामाला लागतात.

मुळात ती जळू नसतेच. जळू गांडुळाच्या गोतावळ्यातली. तिच्या अंगावर वळ्या असतात, दोन्ही टोकांना चिकटण्यासाठी चूषक असतात. बाथरूममध्ये येते ती बहुधा बिनशंखाची गोगलगाय असते. आपल्या शहरांत हमखास दिसणारी एक जात म्हणजे लेव्हिकॉलिस आल्टे. ही मूळची आफ्रिकेतली. चामड्यासारखी कातडी आणि पाठीच्या मधोमध फिकट रेघ ही तिची ओळख. ती चावत नाही, रक्त तर पीतच नाही. शंका आली तर शिंगं बघावीत. गोगलगायीच्या डोक्यावर शिंगांच्या दोन जोड्या असतात. वरच्या जोडीच्या टोकांवर डोळे असतात, तर खालची जोडी वास आणि चव घेत चाचपडत असते. जळूला शिंगं नसतात. (गोगलगायीतली 'गाय' या शिंगांवरूनच आली असावी, असा माझा आपला तर्क.)

मीठ तिला 'जाळतं' असं आपण म्हणतो, पण तिथे जळत काहीच नाही. तिची त्वचा ओलसर आणि झिरपणारी असते. मीठ त्या त्वचेतून अंगातलं पाणी बाहेर ओढतं. बचावासाठी ती आणखी चिकटा सोडते, त्यात आणखी पाणी जातं आणि शेवटी ती सुकून मरते. कुंडीत मीठ टाकणाऱ्यांना गोगलगायीपाठोपाठ झाडही गमवावं लागतं, ते वेगळंच.

दुसरा समज जास्त गोड आहे. तो असा की ही बिचारी शंख टाकून बाहेर आलेली गोगलगाय आहे, म्हणजे घर सोडून निघालेली. खरं तर शंख हे गोगलगायीचं घर नाही, अंग आहे. तो तिच्या शरीराला स्नायूंनी जोडलेला असतो, तिच्याबरोबर वाढतो आणि आतड्यांचा बराचसा पसारा त्यातच असतो. तो काढला तर ती मरते. बिनशंखाची गोगलगाय अंड्यातूनच तशी निघते. शंख गमावले ते तिच्या पूर्वजांनी आणि तेही एकदा नव्हे. गोगलगायींच्या वेगवेगळ्या घराण्यांनी लाखो वर्षांत स्वतंत्रपणे, पुन्हा पुन्हा शंख सोडला आहे. काहींच्या कातडीखाली अजूनही चुनखडीची एक चकती सापडते. काही अर्ध्या वाटेवर आहेत. त्यांचा शंख इतका लहान असतो की सगळं अंग त्यात मावतच नाही. आंबोलीच्या जंगलातल्या अशाच एका अर्धशंखी गोगलगायीचं वर्णन 2021 साली प्रसिद्ध झालं. तिच्या प्रजातीला सरीसृपांचे अभ्यासक वरद गिरी यांच्यावरून 'वरदिया' असं नाव दिलं गेलं.

शंख का सोडायचा? तो बांधायला कॅल्शियम लागतं आणि सगळ्याच मातीत ते मुबलक नसतं. शिवाय शंख नसला की सालीखालच्या, दगडाखालच्या चिंचोळ्या फटीत शिरता येतं. पण ऊन आणि शत्रू यांच्यासमोर अंग उघडं पडतं. या उघड्या अंगाचं करायचं काय, या प्रश्नाला जमिनीवरच्या गोगलगायींनी दिलेलं उत्तर साधंच आहे: चिकटा सोडा, लपून राहा आणि रात्री बाहेर पडा. समुद्रातल्या बहिणींनी दिलेली उत्तरं मात्र थक्क करणारी आहेत.

समुद्री गोगलगायीही लहानपणी शंखवाल्याच असतात. बहुतेकींच्या अंड्यातून बाहेर पडणाऱ्या डिंभकाला नखाच्या टोकाहूनही बारीक शंख असतो. तळाशी स्थिरावून रूप पालटताना तो गळून पडतो. पुढे संरक्षण बाहेरून मिळवावं लागतं, आणि त्यातल्या कित्येक ते सरळ चोरतात.

निळी ग्लॉकस अटलांटिकस जेमतेम तीन सेंटिमीटरची. ती गिळलेल्या हवेच्या बुडबुड्यावर उताणी तरंगते आणि पोर्तुगीज मॅन ऑफ वॉर नावाचा डंख मारणारा जीव खाते. आपल्याकडे त्यालाच ब्लू बॉटल म्हणतात. पावसाळ्यात जुहू-गिरगावच्या वाळूवर येतात त्या निळ्या पिशव्या याच. ग्लॉकस त्यांच्या तंतूंमधल्या डंखाच्या सूक्ष्म कुप्या न फोडता गिळते आणि स्वतःच्या अंगावरच्या बोटांसारख्या फुटव्यांच्या टोकांशी साठवते. तिला हात लावणाऱ्याला बसणारा डंख मूळ मालकापेक्षाही जोरकस असू शकतो. इंटरनेटवर तिला तळहातावर घेतलेले फोटो फिरतात. ते बघून "किती गोड!" म्हणणाऱ्यांनी एवढं ध्यानात ठेवलेलं बरं. समुद्री गोगलगायींचे भडक रंग बहुतेक वेळा नटण्यासाठी नसतात. 'मला खाऊ नका, पस्तावाल' अशी ती पाटी असते. कोणी डंख चोरतं, कोणी स्पंज खाऊन त्यातलं विष अंगात मुरवतं. 'गोगलगाय आणि पोटात पाय' ही म्हण वरवर गरीब आणि आतून कावेबाज माणसासाठी आपण वापरतो. या मंडळींना ती शब्दशः लागू पडते. पोटाचा स्नायू हाच तर त्यांचा पाय, आणि शास्त्रानेही या वर्गाला 'उदरपाद' असंच नाव दिलं आहे.

चोरीचा सगळ्यात गाजलेला किस्सा एलिसिया क्लोरोटिकाचा. अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरची ही हिरवीगार, पानाच्या आकाराची गोगलगाय शेवाळाच्या तंतूंना भोक पाडून आतला रस शोषते. बाकी सगळं पचवते, पण उन्हाच्या जोरावर अन्न बनवणारी हरितलवकं मात्र शाबूत ठेवून अंगभर पसरवते. मग महिनोन्महिने काही न खाता ती जगते. यावरून 'उन्हावर जगणारा प्राणी' ही बातमी जगभर झाली. 2008 मध्ये तर शेवाळाचं एक जनुकच तिच्या डीएनएमध्ये सापडल्याचा दावा झाला.

गोष्ट छान होती, पण पुढे ती डळमळली. नंतरच्या जनुकीय तपासण्यांत ते जनुक सापडलं नाही. 2014 मध्ये तिच्या दोन नातेवाईक जातींवरचे प्रयोग प्रसिद्ध झाले. त्यांत काही गोगलगायींना अंधारात ठेवलं होतं, काहींचं प्रकाशसंश्लेषण औषधाने थांबवलं होतं. तरीही त्या उन्हातल्यांइतक्याच दिवस उपाशी तगल्या. म्हणजे चोरलेली हरितलवकं ही निदान त्या जातींत चूल नसून कणगी असावी, गरजेप्रमाणे थोडं थोडं काढून खाण्याची. प्रकाशाचा उपयोगच नाही, असंही म्हणता येत नाही. 2021 मधल्या एका अभ्यासात त्यांतल्याच एलिसिया टिमिडाने चांगला उजेड मिळाल्यावर जास्त अंडी घातली. खरं उत्तर या दोहोंच्या मध्ये कुठेतरी आहे, आणि मला ते मूळ बातमीपेक्षा जास्त रंजक वाटतं.

याच एलिसिया कुळात आणखी एक अचाट प्रकार 2021 मध्ये समोर आला. जपानच्या नारा महिला विद्यापीठातल्या सायाका मितो यांना प्रयोगशाळेच्या टाकीत एका गोगलगायीचं नुसतं डोकं फिरताना दिसलं. तिने आपणहून मान तोडून घेतली होती. हृदयासकट शरीराचा ऐंशी टक्क्यांहून जास्त भाग मागे पडला होता. आणि ते डोकं शेवाळ खात होतं! साधारण तीन आठवड्यांत त्याला नवं धड फुटलं, हृदयासकट. म्हाताऱ्या गोगलगायींना मात्र हे जमलं नाही, आणि टाकलेल्या धडाला नवं डोकंही फुटलं नाही. अंगातल्या परजीवींपासून सुटण्याचा हा मार्ग असावा, असा संशोधकांचा अंदाज आहे.

"गोगलगायीला कुठला मेंदू?" असंही ऐकू येतं. एप्लिसिया या समुद्री गोगलगायीकडे वीसेक हजारच चेतापेशी असतात, हे खरं. पण तिच्या काही चेतापेशी नुसत्या डोळ्यांना दिसतील इतक्या मोठ्या असतात. म्हणूनच मेंदूशास्त्रज्ञ एरिक कँडेल यांनी स्मृतीचा अभ्यास करायला तिला निवडलं. पुन्हा पुन्हा हलकेच स्पर्श केला की ती कल्ले आत घेण्याचं सोडून देते. शेपटीला पुन्हा पुन्हा झटके बसले की साध्या स्पर्शालाही दचकते, आणि हा धडा काही दिवस विसरत नाही. आठवण तयार होते म्हणजे पेशींमधले जोड बदलतात, हे तिच्यावरून दाखवता आलं. कँडेल यांना 2000 सालच्या नोबेल पारितोषिकात वाटा मिळाला.

एप्लिसियाचीच एक नातेवाईक डोलाबेला. हिंदी महासागरातल्या डोलाबेलांमधून डोलास्टॅटिन 10 नावाचं जहाल द्रव्य वेगळं केलं गेलं आणि 1987 मध्ये त्याची रचना जाहीर झाली. पुढे कळलं की तेही तिचं स्वतःचं नव्हे. ती खाते त्या सायनोबॅक्टेरियांचं. त्या द्रव्यावरून प्रयोगशाळेत बनवलेला भाऊबंद आज ब्रेंटुक्सिमॅब व्हेडोटिन या औषधात वापरला जातो. हॉजकिन लिम्फोमावरच्या या औषधाला अमेरिकेत 2011 मध्ये मान्यता मिळाली.

शेतकऱ्याला मात्र हे कौतुक सांगायला जाऊ नये. 2022 च्या खरिपात लातूर, बीड, उस्मानाबादकडे सोयाबीनची कोवळी रोपं रातोरात फस्त झाली, ती शंखी गोगलगायींमुळे. आफ्रिकेतल्या मोठ्या शंखी गोगलगायीला 1847 मध्ये मॉरिशसहून कोलकात्यात आणलं होतं एका शंखप्रेमी इंग्रजाने. तिच्या पापाची शिक्षा सरसकट सगळ्या गोगलगायींना नको. त्यांतल्या अनेक जाती कुजकी पानं आणि बुरशी खाऊन राहतात. बागेतल्या गोगलगायींना आवरायला अंड्याच्या टरफलांचा चुरा पसरण्याचा घरगुती उपायही ब्रिटनच्या रॉयल हॉर्टिकल्चरल सोसायटीच्या 2018 च्या चाचणीत निरुपयोगी ठरला. हाताने वेचणं सगळ्यात बरं, पण हातमोजे घालून. काहींच्या अंगात उंदराच्या फुप्फुसातल्या कृमीची पिल्लं असतात. ती पोटात गेली तर मेंदूच्या आवरणाला सूज येऊ शकते. पालेभाजी नीट धुवावी आणि पैजेखातर कच्ची गोगलगाय खाणाऱ्याला वेळीच आवरावं.

राहता राहिला एक समज: रंगीत समुद्री गोगलगायी बघायच्या तर अंदमान किंवा लक्षद्वीपलाच जायला हवं. तिथे त्या विपुल आहेतच. पण मरीन लाइफ ऑफ मुंबई हा गट 2017 पासून ओहोटीच्या वेळी मुंबईच्या किनाऱ्यांवर लोकांना घेऊन फिरतो, आणि तिथल्या खडकांतही त्या दिसतात. फक्त नजर बसायला हवी. पाण्याबाहेर पडलेली समुद्री गोगलगाय म्हणजे शेंबडाचा गोळा. खडकातल्या खळग्यात पाणी साचलं असेल तिथे वाकून, सावली न पाडता थोडं थांबावं. त्या गोळ्याला शिंगं फुटतात, पाठीवर कल्ल्यांचं फूल उमलतं आणि तो चालायला लागतो.