सूड, सामुराई आणि दीघावु

जपानच्या सामुराई योद्ध्यांचे चित्रपट आता आपल्या हिंगोली जिल्ह्यातील विद्यार्थीही आवडीने पाहतात. धन्याच्या किंवा पित्याच्या मृत्यूचा सूड, हा त्यांतील नेहमीचा विषय. त्यामागे खरा इतिहासही आहे. १७०१ साली एदोच्या राजवाड्यात असानो या सरदाराने किरा या अधिकाऱ्यावर शस्त्र उपसले. त्याच दिवशी त्याला आत्महत्येची शिक्षा झाली. त्याचे सत्तेचाळीस सेवक पावणेदोन वर्षे दबा धरून राहिले. १७०३ च्या आरंभी त्यांनी किराला ठार केले व त्याचे शिर धन्याच्या समाधीपुढे ठेवले. पुढे त्यांतील शेहेचाळीस जणांनाही पोट फाडून मरावे लागले.

असे प्रसंग दूरदेशीच घडतात असे नाही. सेनापती संताजी घोरपडे यांनी १६९६ च्या लढाईत अमृतराव निंबाळकरांना पकडून हत्तीच्या पायी दिले. अमृतरावांची बहीण म्हसवडच्या नागोजी माने यांना दिलेली होती. नागोजींनी मेहुण्याचा सूड धरला. जून १६९७ मध्ये शंभुमहादेवाच्या डोंगरात त्यांनी संताजींना गाठून मारले. ज्यांच्या नावाने मोगल सरदारांना कापरे भरे, त्या संताजींचे शिर औरंगजेबाकडे गेले. सूड एका घराचा, हानी साऱ्या स्वराज्याची!

आता तिसरी कथा पाहू. कोसंबीच्या भिक्खूंत भांडण जुंपले, तेव्हा भगवान बुद्धांनी ती सांगितली असे विनयपिटकात आहे. काशीच्या ब्रह्मदत्ताने कोसलच्या दीघीति राजाचे राज्य घेतले व पुढे राजाराणीचा वध करविला. मरताना पित्याने पुत्राला बजावले, की वैराने वैर शमत नाही. पुत्र दीघावु ओळख लपवून ब्रह्मदत्ताच्या सेवेत राहिला. एकदा अरण्यात थकलेला राजा त्याच्याच मांडीवर डोके ठेवून झोपला. दीघावुने तीनदा तलवार उपसली आणि पित्याचे शब्द आठवून तीनदा म्यान केली. राजा जागा झाला. दोघांनी एकमेकांना जीवदान दिले. दीघावुला पित्याचे राज्य परत मिळाले.

तिन्ही कथांत तलवार आहे, अन्यायही खरा आहे. फरक एवढाच, की दीघावु थांबला. तो दुबळा नव्हता. शत्रूची मान त्याच्या मांडीवर होती. अन्यायाविरुद्ध दाद जरूर मागावी. पण दाद मागणे वेगळे आणि सूड घेणे वेगळे. दाद मागितली तर तंटा मिटण्याची वाट असते. सूड मात्र नवा सूड जन्माला घालतो. बांधाच्या वादातून आपल्याकडे दोन-दोन पिढ्या न बोलणारी घरे आम्ही पाहतो. विद्यार्थी मित्रांनो, चित्रपट अवश्य पाहा. परंतु घरी येताना दीघावुची म्यान केलेली तलवार आठवा, एवढेच आमचे सांगणे.